थोरलीचा गुडघा, धाकटीचा तीळ

थोरलीच्या बोटांवर रेषा उरलेल्या नाहीत, ही गोष्ट तिला निवृत्तीला चौदा महिने राहिले असताना एका यंत्राने सांगितली. माणसाने सांगितली असती तर तिने त्याला दोन शब्द सुनावले असते. यंत्राला काय सुनावणार? तरी सुनावलेच.

इस्पितळाच्या मागच्या फाटकावर ते यंत्र नवं बसवलं होतं. बोट टेकवायचं, हिरवा दिवा लागला की दांडा वर आणि माणूस आत. थोरलीने अंगठा टेकवला. लाल दिवा. यंत्रातून एक गोड आवाजाची बाई म्हणाली, "कृपया पुन्हा प्रयत्न करा." थोरलीने तर्जनी टेकवली, मग मधलं बोट, मग करंगळी, मग दुसरा हात. दहाही वेळा ती बाई तितक्याच गोडीने बोलली, आणि थोरलीला गोड बोलणाऱ्या माणसांचा मुळातच संताप.

"कोण गं तू मला पुन्हा प्रयत्न कर सांगणारी? एकतीस वर्षं मी दुसरं केलंय काय?"

रखवालदार भला माणूस. रोज पावणेसातला थोरली यायची म्हणून तो तिच्यावर आपलं घड्याळ लावायचा. तो हळूच म्हणाला, "मावशी, पायाचा अंगठा लावून बघता का?"

थोरलीने चप्पल काढली. रखवालदाराने खांद्याला धरलं, तिने पाय वर उचलला आणि अंगठा टेकवला. मागची रांग श्वास रोखून बघत होती. लाल दिवा. यंत्रातल्या बाईला हाताच्या जागी पाय आला याचं काडीचंही नवल वाटलं नाही.

"तुम्हीच आहात ते मला दिसतंय हो," रखवालदार म्हणाला, "पण माझ्या दिसण्याला आता किंमत नाही. परिपत्रकात तसं लिहूनच आलंय."

रेषा जाणारच होत्या. ही बाई एकतीस वर्षं इस्पितळाच्या धुलाईखान्यात उभी होती. रक्ताच्या चादरी, पुवाच्या चादरी, बाळंतिणींच्या, मेलेल्यांच्या, सगळ्या सोड्याच्या उकळत्या पाण्यात घालायच्या, काठीने ढवळायच्या, वर काढून पिळायच्या. लोकांचे डाग काढता काढता बोटं अशी गुळगुळीत झाली होती की तिच्या हातून काचेचा पेला निसटायचा. तेव्हा कुणी परिपत्रक काढलं नाही. बोटं गेली तेव्हा साहेब झोपले होते, आणि बोटं मागायला मात्र यंत्र घेऊन आले.

रांगेत तिच्या मागे चौथी होती धाकटी. तिचेही दहा लाल दिवे झाले. पायाचा अंगठा लावायला मात्र तिने साफ नकार दिला. "ज्यांना जमतं त्यांनी तमाशे करावेत," असं ती फाटकाच्या खांबाला म्हणाली.

खांबाला म्हणाली, कारण थोरलीशी ती अकरा वर्षं बोलत नव्हती.

या दोघी सख्ख्या जावा. दोन भावांच्या बायका, एक घर, चार खोल्या, दोन चुली, एक न्हाणीघर. थोरली उंचीने बुटकी, अंगाने काटकुळी, जिभेने लांब. धाकटी गोरी, भरलेली, कानामागून येऊन तिखट झालेली. थोरलीचा नवरा नऊ वर्षांपूर्वी वारला, तेव्हा धाकटी शेजारी बसून हमसून हमसून रडली, तिला चहा पाजला, पण बोलली ती उशीशी. अबोल्याचं कारण होतं एक फोटो. धाकटीच्या मुलीच्या लग्नात अख्ख्या कुटुंबाचा फोटो काढला होता. धाकटीने तो चौकटीत बसवायला दिला. चौकट आखूड निघाली, फोटो लांब. चौकटवाल्याने उजवी कड कापली, आणि उजव्या कडेला उभी होती थोरली. घराच्या मधल्या भिंतीवर तो फोटो लागला तेव्हा त्यात सतरा माणसं होती आणि एक कोपर.

"चौकट आखूड होती तर दुसरी घ्यायची," थोरली तेव्हा म्हणाली होती. "माणूस कापतात?"

"मुद्दाम नाही कापलं. तुम्हीच कडेला उभ्या राहिलात."

"कडेला उभी राहिले कारण मधली जागा तुझ्या माहेरच्यांनी अडवली होती!"

तिथून बोलणं बंद. निरोप न्यायचं काम धाकटीच्या नवऱ्याकडे, म्हणजे थोरलीच्या भाऊजींकडे आलं. भाऊजी साधे. शिवी असली तरी ते तिला एक अक्षर कमी करत नसत की वाढवत नसत. "वहिनी, ती म्हणते की तुमच्या जिभेला हाड नाही." "भाऊजी, तिला सांगा, असतं तर तिने तेही कापलं असतं." भाऊजी तीन पावलं चालत पलीकडे जात आणि तेच वाक्य तसंच पोचवत. धाकटीला ते आधीच ऐकू आलेलं असे; पण ती निरोप येईपर्यंत थांबे. रीत म्हणजे रीत.

तर फाटकावर अडलेल्या दोघींना आस्थापनेच्या खोलीत पाठवलं. तिथल्या कारकुनाला सगळे पट्टी म्हणत. वाचताना ओळीखाली लाकडी पट्टी धरायची त्याला सवय होती, आणि पट्टीच्या वर-खाली जगात काही असतं यावर त्याचा विश्वास नव्हता. त्याने परिपत्रक वाचलं. ज्यांची बोटं यंत्र घेत नाही, त्यांची ओळख जुन्या नोंदवहीतल्या शारीरिक खुणेवरून पटवायची. त्या खुणेचा ताजा फोटो पाकिटात घालून आणायचा. ती खूण ज्याला ठाऊक आहे अशा माणसाचा दाखला जोडायचा. आठ दिवसांनी समिती बसेल. जुळलं तर ओळखपत्र. न जुळलं तर शेरा ठरलेला: सदर कर्मचारी आढळून आली नाही.

"आढळून आली नाही म्हणजे?"

"म्हणजे तुम्ही नाही."

"अरे मी तुझ्यासमोर उभी आहे!"

"समोर कुणीही उभं राहील मावशी." त्याने नोंदवही उघडली, थोरलीच्या नावाखाली पट्टी धरली. "हं. ओळखीची खूण. उजव्या बाजूला कंबरेखाली दोन बोटं, काळा तीळ."

"कुणाच्या?"

"तुमच्या."

"माझ्या कंबरेखाली तीळबीळ काही नाही," थोरली खणखणीत आवाजात म्हणाली. "तो हिच्या आहे!"

आणि तिने बोट दाखवलं. खोलीत सात टेबलं होती. सातही टेबलांवरची मुंडकी वळून धाकटीच्या कंबरेकडे बघायला लागली.

धाकटीचे कान लाल झाले. ती फायलींच्या कपाटाला म्हणाली, "कुणीतरी सांगा त्या बाईला, माझ्या तिळाचा लिलाव मांडलाय का इथे!"

पट्टीने पट्टी एक ओळ खाली सरकवली. धाकटीच्या नावासमोर लिहिलं होतं: डाव्या गुडघ्यावर भाजल्याचा डाग, चमच्याएवढा. तो डाग थोरलीचा. एकतीस वर्षं थोरलीच्या कागदावर धाकटीची कंबर होती आणि धाकटीच्या कागदावर थोरलीचा गुडघा, आणि कुणाचं काही अडलं नव्हतं.

हे कसं झालं ते थोरलीला तिथल्या तिथे आठवलं. कामाला लागायच्या दिवशी तपासणी होती. पडद्याआड एक परिचारिका, पडद्याबाहेर एक लिहिणारा. जावा दोघी एकदमच आत गेल्या, मानाप्रमाणे थोरली पुढे. पण थोरली अशी लाजाळू, की धाकटीने भिंतीकडे तोंड केल्याशिवाय ती कपड्याला हात लावेना, आणि धाकटी अशी खट्याळ, की वळेना. शेवटी परिचारिका कंटाळून म्हणाली, "तुमचं चालू द्या," आणि तिने धाकटीला आधी तपासलं. आतून ओरडली, "पहिली, कंबरेखाली तीळ!" बाहेरच्याने दोघी आत जाताना पहिली कोण होती ते बघून ठेवलं होतं.

"चूक तुमच्याच माणसाची आहे," थोरली म्हणाली. "खोड आणि नीट लिही."

पट्टीने वही छातीशी धरली. "ही जुनी नोंद आहे. हिच्यात खाडाखोड म्हणजे गुन्हा. कागद बदलता येत नाही मावशी. शरीराचं काय ते तुम्ही बघा."

आता सांगा, याला काय म्हणावं? माणूस मरतो, बायका रंडक्या होतात, पोरं परक्या गावी जातात, सगळं बदलतं. बदलत नाही ते एका झोपाळू माणसाने पडद्याबाहेर बसून लिहिलेलं.

त्या संध्याकाळी भाऊजींच्या पायांचे तुकडे पडले. धाकटीकडून निरोप आला: "ती म्हणते, सरळ आहे. माझ्या कंबरेचा फोटो तुमच्या पाकिटात, तुमच्या गुडघ्याचा माझ्या पाकिटात. कागदाशी जुळल्याशी कारण."

थोरलीच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. "तिला सांगा, आधी फोटोतून कापलंस, आता गुडघा मागतेस. उरलं काय माझ्याकडे?"

भाऊजी गेले, आले. "ती म्हणते, उरल्याचं चौदा महिन्यांनी बघा. आज नोकरी टिकवा."

थोरलीने अंथरूण घातलं. घरी बसायचं म्हणजे त्या चार खोल्यांत बसायचं, मधल्या भिंतीवरच्या आपल्या कोपराकडे बघत. आणि फाटकातून निघायचं ते चौदा महिन्यांनी, सगळ्या धुलाईखान्याने हात हलवून निरोप दिल्यावर, ताठ मानेने. "आढळून आली नाही" असा शेरा घेऊन नाही. हे तिने मनाशी पक्कं केलं होतं.

राहिला दाखला. खूण ठाऊक असलेला माणूस. थोरली अंथरुणावर बसून मोजत गेली. आपलं अंग ठाऊक असलेलं कोण आहे? आई होती, गेली. नवरा होता, गेला. आणि त्याला तरी काय ठाऊक होतं, तो दिवा मालवल्याशिवाय जवळ यायचा नाही. सुईण गेली. मुलगा लहानपणी मांडीवर झोपून त्या डागावर बोट फिरवायचा, पण तो परगावी, आणि आता त्याला विचारलं तर म्हणेल, आई, कसला डाग? सगळी बेरीज करून एकच माणूस उरलं. ते पलीकडच्या खोलीत पातेली आपटत होतं.

थोरलीने स्वतःला शिवी घातली आणि भाऊजींना हाक मारली. "सांगा तिला. उद्या चार वाजता फोटोवाल्याकडे."

फोटोवाल्याचं दुकान बसथांब्यासमोर. चाळीस वर्षं त्याने ओळखपत्रांचेच फोटो काढले होते. एक स्टूल, एक निळा पडदा, केस विंचरायला साखळीने बांधलेला कंगवा. दोघींचं म्हणणं ऐकून त्याने दोन्ही कान धरले.

"बाई, माझा धंदा छातीच्या वर. चाळीस वर्षांत मी कुणाचं पोटसुद्धा पाहिलेलं नाही. माझ्या बायकोचाही फोटो मी मानेपासून वरचाच काढलाय."

"गुडघा आहे रे बाबा. गुडघ्याला काय लाजायचं?"

"आणि दुसरं?"

थोरली धाकटीकडे न बघता म्हणाली, "दुसरं हिचं आहे. तिला विचार."

शेवटी फोटोवाल्याने तोडगा काढला. कॅमेरा तिकाटण्यावर लावला, कुठलं बटण दाबायचं ते दाखवलं, दिव्याची छत्री नीट केली आणि स्वतः पडद्याबाहेर रस्त्याकडे तोंड करून बसला. "आतून सांगा, मी बाहेरून शिकवतो."

पडद्याआड दोघी समोरासमोर उभ्या राहिल्या. भाऊजी नव्हते. खांब नव्हता, कपाट नव्हतं. स्टूल होतं, पण स्टुलाशी बोलायलाही लाज वाटावी इतकी ती खोली लहान होती.

"आधी तू," थोरली म्हणाली.

"तुम्ही भिंतीकडे तोंड करा," धाकटी म्हणाली.

"मग फोटो काय भिंतीचा काढू?"

धाकटीला हसू आलं. तिने ते दाबायचा प्रयत्न केला, पण भरलेल्या अंगाची बाई, हसू पोटातून हललंच. अकरा वर्षांनी पहिली वाक्यं झाली होती आणि ती अशी.

धाकटीने कपडे सैल केले. थोरली वाकून बघायला लागली.

"कुठे गेला?"

"कुठे जाईल? तिथेच आहे."

"कंबरेखाली दोन बोटं लिहिलंय. दोन बोटांवर काही नाही. पाच बोटं खाली आलाय तुझा तीळ! एकतीस वर्षांत तीन बोटं घसरलाय."

"मी घसरले म्हणून तो घसरला. त्याने एकट्याने काय वर लटकून राहायचं?"

"झालं का?" बाहेरून फोटोवाला ओरडला. "हनुवटी थोडी वर घ्या!"

"अरे मेल्या, हनुवटीचा नाहीये फोटो!"

"सवय हो बाई. बरं, खांदे सरळ. आणि जरा हसा."

थोरलीने डोळा कॅमेऱ्याला लावला. धाकटीचं अंग तिला अठ्ठावीस वर्षांनी दिसत होतं. दुसऱ्या बाळंतपणात तिनेच तिला महिनाभर आंघोळ घातली होती, तेव्हा हे अंग तापलेल्या दुधासारखं होतं आणि हा तीळ त्यावर बसलेल्या माशीसारखा. आता पोटावर बाळंतपणांच्या चिरा, पाठीला इस्त्रीच्या यंत्राच्या वाफेने आलेला काळपटपणा, आणि कमरेला पट्टा बांधून बांधून पडलेला वळ. तसाच वळ थोरलीलाही होता. नोंदवहीत हे काहीच नव्हतं. थोरलीला काहीतरी बोलावंसं वाटलं, आणि तिला एकच गोष्ट यायची.

"जाडी झालीस."

"बटण दाबा हो जाऊबाई. गारठले मी."

लख्ख उजेड पडला. झालं.

मग थोरली स्टुलावर बसली आणि तिने डावा गुडघा उघडा केला. आता धाकटी बघायला लागली. गुडघा होता. पण डाग?

"नाहीये," धाकटी म्हणाली.

"नाहीये काय? नीट बघ. चष्मा लाव."

कातडी सैल झाली होती, तिला बारीक सुरकुत्या आल्या होत्या आणि त्यात डाग असा मिसळला होता की डोळ्याला सापडेना. थोरली घाबरली. असं काही होईल हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं. सगळं जाईल, पण भाजलेलं जाईल? धाकटी खाली बसली. तिने डोळे मिटले आणि आपलं गुळगुळीत बोट थोरलीच्या गुडघ्यावर टेकवून फिरवलं.

"हा काय. इथून सुरू होतो. इथे संपतो." बोट थांबलं. "माझ्या पहिल्या खेपेला पाणी तापवलं होतंत. मी ओरडले म्हणून तुम्ही धावलात आणि पातेलं कलंडलं. आणि एवढं भाजून तुम्ही माझ्याजवळ बसून होतात. मुलगी झाल्यावर मग ओरडलात."

"आधी ओरडले असते तर सुईण कुणाकडे बघणार? तुझ्याकडे की माझ्याकडे?"

धाकटीचं बोट डागावरच राहिलं. थोरली म्हणाली, "आणि त्याच मुलीच्या लग्नात मला कापलंस."

"चौकटवाल्याने कापलं हो!" धाकटी ओरडली. "किती वेळा सांगू? घरी आणून भिंतीवर लावल्यावर माझ्या लक्षात आलं, आणि तोवर तुम्ही माझ्या सात पिढ्या काढल्या होत्या. मग कशाला सांगतेय मी!"

"झालं का?" फोटोवाला.

"गप रे!" दोघी एका सुरात म्हणाल्या.

धाकटीने बटण दाबलं. दुसऱ्या दिवशी फोटोवाल्याने दोन पाकिटं दिली, चिकटवून, वर लाखेचा ठिपका लावून. "छापताना मी डोळे मिटले होते," तो म्हणाला. एकावर त्याने लिहिलं होतं "ते" आणि दुसऱ्यावर "गुडघा". लाख फोडून बघायचं दोघींना सुचलं नाही. मधे भाऊजी नसताना समोरासमोर भांडायचं कसं, यातच त्या गुंतल्या होत्या.

समिती बसली ती पहिल्या मजल्यावरच्या लांब टेबलामागे. अध्यक्ष, भांडारपाल, इमारतींचे अभियंता, लेखापाल आणि पट्टी. इस्पितळात शंभर डॉक्टर होते. समितीत एकही नव्हता. शरीराचा प्रश्न, तिथे डॉक्टरचं काय काम?

आधी थोरलीचं पाकीट. पट्टीने नोंद वाचली: उजव्या बाजूला कंबरेखाली, काळा तीळ. पाच पुरुषांनी एकमेकांकडे पाहिलं. अध्यक्षांनी पाकीट हातात घेतलं, वजन करावं तसं वरखाली केलं आणि भांडारपालाकडे दिलं. त्याने ते उजेडात धरलं, लगेच खाली घेतलं आणि घाम पुसला. अभियंत्याने पाकिटाची लांबीरुंदी मोजली. लाख कुणीही फोडली नाही. पाचही जणांनी सह्या केल्या: पाहिले, जुळते.

झालं! थोरलीचं काम झालं. पाकिटात नुसता कोरा कागद असता तरी जुळला असता. तिने ओळखपत्र घ्यावं आणि निघावं. ती निघालीही होती.

तेवढ्यात धाकटीचं पाकीट उघडलं. गुडघा म्हटल्यावर सगळ्यांच्या जिवात जीव आला होता, त्यामुळे लाख चटकन फुटली. अध्यक्षांनी चष्मा लावला. फोटोवाल्याच्या दिव्याने गुडघा असा पांढराफटक आला होता की तो गुडघा आहे की सोललेला बटाटा, हेच कळेना.

"डाग कुठे आहे?" अध्यक्ष म्हणाले.

भांडारपालाने भिंग आणवलं. "डाग नाही."

"डाग नाही," अभियंता म्हणाला. "भेगसुद्धा नाही."

"डाग नाही, म्हणजे बाई त्या नव्हेत," अध्यक्षांनी निकाल दिला. "लिहा. सदर कर्मचारी—"

"थांबा!"

थोरली दारातून परत आली होती. ती धाकटीच्या कळवळ्याने आली की आपल्या गुडघ्याच्या अपमानाने, हे तिला स्वतःलाही पुढे कधी सांगता आलं नाही. तिने खुर्ची ओढली, चप्पल काढली आणि डावा पाय थेट समितीच्या टेबलावर ठेवला. शाईची दौत लवंडली.

"डाग नाही? कोण म्हणालं डाग नाही? अरे, उकळतं पातेलं पडलंय इथे! तुमच्यासारखे पाच जण तिथेच वितळले असते!"

पाचही जणांनी फायली तोंडासमोर धरल्या. फायलींमागून अध्यक्ष म्हणाले, "बाई, मर्यादा!"

"मर्यादा तुम्ही पाळा आणि बघा!"

तिने दोन्ही तळहातांनी गुडघा खसाखसा चोळायला घेतला. कपड्यावरचा डाग दिसेना झाला की ओला करून रगडायचा, म्हणजे तो वर येतो, हे धुलाईखान्यातल्या बाईला कुणी शिकवावं लागत नाही. कातडी लाल झाली, अजून लाल झाली, आणि त्या लालीत मधोमध चमच्याएवढा डाग पांढरा उमटला. दांड्यासकट.

फायली एकेक करून खाली आल्या.

"आहे," लेखापाल म्हणाला.

"आहे खरा," अभियंता म्हणाला.

"पण," पट्टीने पट्टी धरली, "हा गुडघा या बाईंचा आहे. कागद त्या बाईंचा आहे. आणि या बाईंना तर आपण मघाशी तीळ मंजूर केला."

आपण काय करून बसलो हे थोरलीला तेव्हा कळलं. एक पाय टेबलावर, एक जमिनीवर, आणि चौदा महिने हवेत.

धाकटी पुढे आली. "साहेब, गुडघा यांचाच. भाजला तेव्हा मी तिथे होते. माझ्यामुळेच भाजला. लिहा दाखला, मी सही करते."

"आणि तीळ?"

"तीळ माझा. तो मी टेबलावर ठेवणार नाही. माझ्या शब्दावर घ्यायचा असेल तर घ्या."

अध्यक्षांनी डोळे मिटले. नोंद बदलता येत नव्हती. सह्या पुसता येत नव्हत्या. टेबलावर पाय होता आणि तो काही केल्या खाली जात नव्हता. "निकाल देईपर्यंत इथेच राहील," थोरलीने सांगून टाकलं होतं. भांडारपालाने जेवणाची वेळ झाल्याची आठवण केली. तेव्हा अध्यक्षांना सुचलं. त्यांनी सांगितलं आणि पट्टीने लिहून घेतलं:

"नोंदीतील दोन्ही खुणा सदर दोन्ही कर्मचाऱ्यांच्या शरीरांवर मिळून आढळतात. सबब सदर दोघींची ओळख एकत्रितपणे पटली आहे. दोघींनी फाटकावर एकत्र हजर व्हावे. एकटीची ओळख ग्राह्य धरू नये."

थोरलीने पाय खाली घेतला.

दुसऱ्या दिवसापासून हे सुरू झालं. धाकटीला वेणी घालायला अर्धा तास लागायचा आणि थोरली उंबऱ्यावर उभी राहून ठणाणा करायची. धाकटीला ताप आला की थोरलीची रजा पडायची. थोरलीचं भांडण झालं आणि ती पाय आपटत एकटीच पुढे गेली, तर रखवालदार नम्रपणे म्हणायचा, "मावशी, अर्ध्याच आलात. उरलेल्या कुठे आहेत?" मग फाटकासमोरच्या दगडावर बसून राहायचं, उरलेली येईपर्यंत. भाऊजींना अकरा वर्षांनी काम उरलं नाही. ते काही दिवस दोन खोल्यांच्या मधे उगाच तीन पावलं जाऊन येत.

चौदा महिने झाले. थोरली निवृत्त झाली. धुलाईखान्याने हात हलवले, ती ताठ मानेने फाटकाबाहेर पडली आणि चार पावलांवर धाकटी तिच्या मागे धावत आली.

"जाऊबाई, मला अजून तीन वर्षं आहेत."

"मग?"

"मग उद्या मला आत कोण घेणार? एकटी मी कुठे आहे?"

थोरलीने तिच्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं. अर्ज करता आला असता, पट्टीकडे जाता आलं असतं, आणि त्यातच तीन वर्षं गेली असती.

तर अजूनही इस्पितळाच्या मागच्या फाटकावर पावणेसातला दोघी येतात. रखवालदार दोघींना मोजतो आणि दांडा वर करतो. धाकटी आत जाते. थोरली बाहेरच थांबते, धाकटी धुलाईखान्याच्या दाराशी पोचेपर्यंत, आणि मग अख्ख्या आवाराला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडते, "डबा विसरलीस, बावळट!"

डबा थोरलीच्याच हातात असतो. तो द्यायला तिला आत जायची परवानगी नाही, म्हणून धाकटीला परत फाटकापर्यंत यावं लागतं.